पावलं

शेटचे तिन्ही चेक एकाच दिवशी परत आले. बँकेतल्या बाईने ते खिडकीखालच्या फटीतून बाहेर सरकवले. प्रत्येकाला एक छापील चिठ्ठी टाचलेली होती. ठोक्याला वाचता येत नाही. त्याने चिठ्ठ्या उलटसुलट करून पाहिल्या आणि विचारलं, "म्हणजे उद्या येऊ का?"

"उद्या येऊन काय करणार? त्यांच्या खात्यात पैसेच नाहीत."

"तिन्ही चेकांना नाहीत?"

"खातं एकच आहे ना," बाई म्हणाली आणि त्याच्या मागच्या माणसाकडे हात पुढे केला.

ठोक्या हे काही त्याचं खरं नाव नव्हे. वीस-बावीस वर्षं फळांची लाकडी खोकी ठोकून ठोकून गावाने ते त्याला चिकटवलं, आणि आता बायकोही रागावली की तेच नाव घेते. बोलायला माणूस ढिला. हात मात्र पक्का, चार घावांचा खिळा दोन घावांत बसवणारा. त्या दिवशी तो बँकेपासून घरापर्यंत चालत आला. बसचे सुटे पैसे खिशात होते, पण ते खर्चायची त्याला भीती वाटली.

घराला लागून पत्र्याची शेड होती. ऊन असं की पत्रे तडतडत होते. मोसम संपला होता तरी मोडकी खोकी दुरुस्तीला आली होती, आणि घरातल्या दोघी त्यांच्या कामाला बसल्या होत्या. बायको फळ्या साच्यात लावून धरत होती. बारकी तोंडात खिळे धरून एकेक काढत होती आणि मारत होती. बारकी म्हणजे ठोक्याची धाकटी बहीण. चाळिशीला आली, कानाजवळ केस पांढरे झाले, तरी नाव बारकीच.

"मिळाले?" बायकोने विचारलं.

"परत आले."

"कोण परत आले?"

"चेक."

बारकीने तोंडातले खिळे हातावर काढले. ते ओले खिळे ती तशीच धरून बसली.  बोलायचा हक्क खरा तिचाच होता. यंदाचं सगळं लाकूड तिच्या पैशांनी आलं होतं.

तिचा नवरा दगडाच्या खाणीत काम करताना गेला. खाणमालकाने दोन लाख दिले आणि कागदावर सही घेतली. ते दोन लाख घेऊन ती भावाकडे आली, तीन वर्षं ते बँकेत ठेवले, आणि या मोसमाला ठोक्याने मान खाली घालून विचारलं तेव्हा काढून दिले. "मोसम संपला की पहिले तुझे," तो म्हणाला होता. "माझ्या पोटात घास जाण्याआधी तुझे." ती हो म्हणाली. तिठ्याजवळ एक खोली तिने बघून ठेवली होती. एक खिडकी, एक मोरी, दाराला आतून कडी. त्या खोलीबद्दल तिने घरात चकार शब्द काढला नव्हता.

आता या धंद्यातली एक रीत सांगायला हवी, कारण सगळं त्यावर अडलं. फळांचा व्यापार करणाऱ्या शेटचा ट्रक खोकी न्यायला आला की ड्रायव्हरबरोबर शेटची वही येते. ड्रायव्हर रोख देतो किंवा चेक देतो. वहीत रक्कम आधीच मांडलेली असते, तिच्यासमोर खोकेवाल्याने एकच शब्द लिहायचा: पावलं. रोख असो की चेक, शब्द तोच. लिहिता येत नसेल त्याने अंगठा द्यायचा. ठोक्या इतकी वर्षं अंगठाच देत होता. बारकी आल्यावर ती लिहायला लागली. ती सात इयत्ता शिकलेली, अक्षर टपोरं, वेलांट्या लांब काढायची सवय. पहिल्यांदा तिने लिहिलं तेव्हा ड्रायव्हर वही उन्हात धरून म्हणाला, "आमच्या शेटच्या कारकुनालाही असं जमत नाही, बाई." दोन दिवस ती खुशीत होती. तिला खूश व्हायला फार काही लागत नसे, आणि तेवढंही कोणी करत नसे.

यंदाचा पहिला चेक आला तेव्हा मात्र ती थांबली होती. चेकवर तारीख पुढची होती, मोसम संपल्यानंतरची.

"पैसे हातात आले की लिहिते ना," ती म्हणाली.

"चेक म्हणजे पैसेच," ड्रायव्हर म्हणाला. "शेटवर भरवसा नाही का?"

ठोक्या ट्रकमध्ये खोकी चढवत होता. खांद्यावर सहा खोक्यांची चवड. तिथूनच तो ओरडला, "लिही गं, उगाच खोळंबा करू नकोस."

तिने लिहिलं. पुढे दुसऱ्या चेकला लिहिलं, तिसऱ्याला लिहिलं. एक लाख वीस हजारांचा एक, असे तीन.

पुढचे चार महिने ठोक्याने शेटच्या गोदामाचे उंबरठे झिजवले. शेट वाईट बोलत नसे, हीच पंचाईत होती. गारपिटीने खरंच बागा झोडपल्या होत्या आणि शेटचा माल झाडावरच सडला होता. "मला काय कमी फटका बसलाय?" शेट म्हणे. "मी देणार नाही असं म्हटलं का? तूच सांग, म्हटलं का?" ठोक्या नाही म्हणे. मग शेट त्याला पाणी पाजून बसायला सांगे, आणि बसायला खुर्ची नसे, खोकं असे. ठोक्या बसायच्या आधी खोकं वाकून बघायचा. त्याच्याच हातचं असायचं. दोन दोन तास तो आपल्याच खोक्यावर बसून राही आणि तिन्हीसांजेला हात हलवत घरी येई.

घरात कोणी कोणाला टाकून बोलत नव्हतं. फक्त सगळं थोडं थोडं कमी होत गेलं. तेल कमी झालं, साबण कमी झाला, बोलणं कमी झालं. लाकूड आणायला पैसे नव्हते म्हणून तिघंही दुरुस्तीच्या खोक्यांवर दिवस काढत होती. जुन्या फळ्यांतले वाकडे खिळे उपटून, दगडावर ठोकून सरळ करून पुन्हा वापरायचे. वाकडा खिळा घसरतो. बारकीचा डावा अंगठा दोनदा हातोडीखाली आला, नख काळंनिळं झालं. बायको म्हणाली, "बारकीताई, राहू द्या, मी मारते." बारकी म्हणाली, "नको वहिनी." बसून खाल्लेलं तिला पचलं नसतं.

चौथ्या महिन्यात एका दुपारी शेडमध्ये ती एकटी होती. लाकडाच्या जुन्या बिलाची कोरी बाजू घेऊन तिने शेटला पत्र लिहिलं, पेन्सिलने, कागद भरेपर्यंत. शेटला तिने जन्मात पाहिलं नव्हतं. म्हणूनच असेल, आधी चार ओळींत आटपायचं पत्र लांबत गेलं. घरच्या माणसांपाशी जे बोलता येत नाही ते तिने त्या न पाहिलेल्या माणसाला लिहून टाकलं. खाली तारीख घातली, शाळेत शिकवलं होतं तशी. ड्रायव्हर दुरुस्तीची खोकी न्यायला आला तेव्हा घडी करून त्याच्या हातात दिलं. भावाला सांगितलं नाही. उत्तरही आलं नाही.

शेवटी शेटने गोदामाबाहेरच माणूस उभा केला आणि ठोक्याला आत सोडेना. तेव्हा तो वकिलाकडे गेला.

वकिलाची खोली झेरॉक्सच्या दुकानावर होती. लाकडी जिना, वर टेबल, दोन खुर्च्या. वकील पातळसा, सर्दीचा माणूस, दर वाक्याला नाक ओढणारा. त्याने चेक पाहिले, चिठ्ठ्या पाहिल्या आणि विचारलं, "परत आल्यावर महिन्याभरात नोटीस का नाही दिली?"

"शेट देतो म्हणत होते."

"म्हणणारच. फौजदारीचं दार बंद झालं मग. शेटला तुरुंगाची भीती आता घालता येणार नाही." त्याने नाक ओढलं. "पण तुम्हाला शेट आत पाहिजे की पैसे पाहिजेत?"

"पैसे."

"मग समरी दावा टाकू. साध्या दाव्यात समोरचा आपल्या हक्काने भांडतो, पाच वर्षं, दहा वर्षं. यात त्याला आधी कोर्टाकडे परवानगी मागावी लागते, मला भांडू द्या म्हणून. त्याच्या म्हणण्यात कोर्टाला दम दिसला नाही तर परवानगी नाही, थेट हुकूम. चेक तुमच्या हातात आहे, त्यावर त्याची सही आहे. तो काय सांगणार?"

हे ऐकून ठोक्याला इतकं बरं वाटलं की तो जिन्यावरून उतरताना दोन पायऱ्या चुकला. पण दाव्याला कोर्टाची फी होती, वकिलाची फी होती. घरात विकण्यासारखं म्हणजे करवतीचं मशीन आणि बायकोच्या दोन बकऱ्या. मशीन विकलं तर ठोकायचं काय? बकऱ्या गेल्या. बायकोने दावी स्वतः सोडली आणि घेणाऱ्याच्या हातात दिली. संध्याकाळी एवढंच म्हणाली, "दुसऱ्याच्या पैशांपायी माझी जनावरं गेली." बारकी परसात भांडी घासत होती. तिच्या हातातलं भांडं थोडं जोरात वाजलं आणि मग घासणं पुन्हा सुरू झालं.

दावा दाखल झाला. शेटला समन्स गेलं. शेटने वकील दिला, आणि भांडायची परवानगी मागणारा अर्ज आला. सोबत वहीच्या तीन पानांच्या झेरॉक्स होत्या.

वकिलाने निरोप पाठवून दोघा बहीणभावांना बोलावलं आणि अर्ज वाचून दाखवला. शेटचं म्हणणं असं: चेक नुसते भरवशासाठी दिले होते. पैसे मी त्या त्या दिवशी रोख चुकते केले. खोकेवाल्याने वहीत तशी पोच दिली आहे. चेक परत मागायचं मी विश्वासाने राहू दिलं, त्याचा यांनी गैरफायदा घेतला.

"हे बघा." वकिलाने झेरॉक्स टेबलावर पसरल्या. "एक लाख वीस हजार, पावलं. खाली परत, पावलं. तिसऱ्यांदा, पावलं. कोणाचं अक्षर हे?"

बारकीने लांबूनच ओळखलं. वेलांटी नसलेल्या शब्दातही आपलं अक्षर आपल्याला कळतं.

"माझं," ती म्हणाली. "पण ते चेकचं पावलं आहे हो. पैशांचं नाही."

"मी ऐकलं नाही," वकील म्हणाला.

"माझं अक्षर आहे म्हटलं."

"बाई, मी ऐकलं नाही म्हणतोय." त्याने नाक ओढलं आणि ठोक्याकडे वळला. "तुम्हाला लिहिता येतं?"

"नाही."

"बायकोला?"

"नाही."

"या शब्दाखाली सही आहे? नाही. अंगठा? तोही नाही. मग हे कोणी लिहिलं ते शेटला माहीत. आपण प्रतिज्ञापत्रात म्हणू, वादीला लिहिता येत नाही, त्याच्या घरात कोणालाच लिहिता येत नाही. संपला त्यांचा बचाव. आणि हे अक्षर तुमचं म्हणून कबूल केलंत, तर कोर्ट म्हणेल यात भांडण्यासारखं काहीतरी आहे. परवानगी मिळेल, दावा साध्या यादीत जाईल. पैसे तुमच्या हयातीत दिसतील न दिसतील."

ठोक्या जमिनीकडे बघत राहिला. मग म्हणाला, "बारके, तुझे पैसे आहेत. तू सांग."

तिला पत्राची आठवण झाली नाही असं नाही. वकिलाने 'कोणालाच लिहिता येत नाही' म्हटलं तेव्हाच तो पेन्सिलीचा कागद तिच्या डोळ्यांपुढे आला. आत्ता सांगायला हवं, की शेटकडे माझ्या हातचा एक कागद आहे. पण मग विचारतील, त्यात काय लिहिलंस? दादा विचारेल. समोर बसून विचारेल.

"लिहा तसं," ती म्हणाली.

वकिलाने तिचंही एक प्रतिज्ञापत्र केलं, शेटने रोख काही दिलं नाही, मी हजर होते, मला लिहितावाचता येत नाही. शाईचा पॅड पुढे केला. तिने डावा अंगठा टेकवला, तोच, काळ्या नखाचा. ठोक्याने आपला टेकवला. दोन ठसे शेजारी शेजारी उठले. शाई पुसायला वकिलाकडे चिंधी नव्हती. जिना उतरताना तिने अंगठा मुठीत दाबून धरला होता.

तारीख पडली ती पाच आठवड्यांनी. त्या पाच आठवड्यांत बारकीने इतकं काम केलं की बायकोही बघत राहिली. पहाटे शेड झाडायची, भुसा पोत्यात भरायची, दिवसभर खिळे मारायची. जेवायला बसली की लवकर उठायची. रात्रीचं ती झोपते की नुसती पडून राहते ते कोणाला कळलं नाही. एकदा ठोक्या म्हणाला, "एवढा घोर लावून घेऊ नकोस, वकील पक्का आहे." ती म्हणाली, "हो दादा." त्या बिचाऱ्याला वाटलं बहिणीला धीर आला.

कोर्टाची खोली लांबट होती, वर दोन पंखे, त्यांतला एक बंद. बाकांवर माणसं दाटीने बसली होती आणि प्रत्येकजण आपल्या कागदांची पिशवी मांडीवर घेऊन. शेट पुढच्या बाकावर होता. त्याने मागे वळून ठोक्याला ओळख दिली, लग्नात भेटल्यासारखी. न्यायाधीश बाई तरुण होत्या, पस्तिशीच्या असतील. त्या मान वर न करता ऐकायच्या.

शेटच्या वकिलाने वही पुढे केली, तीन पानांना खुणा घातलेल्या. ठोक्याच्या वकिलाने नाक ओढून सांगितलं, वादी अंगठेबहाद्दर, घरात कोणाला अक्षर गिरवता येत नाही, ही पोच बनावट आहे. दोन प्रतिज्ञापत्रं दाखवली. बाईंनी ठसे पाहिले.

शेटचा वकील पुन्हा उठला. तो उठला तोच इतका सावकाश की बारकीला कळलं.

"मॅडम, हे असं म्हणतील याची कल्पना होती. म्हणून आज एक कागद दाखल करायची परवानगी मागतो. वादीच्या बहिणीचं पत्र. खाली नाव आहे. अक्षर आणि वहीतलं अक्षर, आपणच ताडून पाहा."

ठोक्याने बहिणीकडे पाहिलं. ती समोर बघत होती.

बाईंनी वही आणि कागद शेजारी ठेवले. "अक्षर एकच दिसतंय," त्या म्हणाल्या. "पेन्सिल पुसट आहे. काय लिहिलंय?"

"अक्षरापुरतंच दाखल केलं आहे, मॅडम."

"वाचा."

शेटच्या वकिलाने कागद खिडकीकडे धरला. "शेटना नमस्कार. तीन चेक परत आले. भाऊ तुमच्याकडे चकरा मारतो, तुम्ही त्याला बसवून ठेवता. त्यातले दोन लाख माझे आहेत, ते तरी द्या..." तो थांबला. "पुढे घरगुती मजकूर आहे."

"पुढे वाचा. सगळं वाचा."

तो वाचत गेला. आवाज कमावलेला होता, शेवटच्या बाकापर्यंत जाणारा. "मी भावाच्या घरी राहते. भाऊ काही बोलत नाही. वहिनी वाईट नाही. पण मला दुसऱ्यांदा वाढताना तिचा हात थांबतो. तिला ते कळतसुद्धा नसेल. मला रोज दिसतो. मी भूक नाही म्हणून उठते. नवरा गेला तेव्हा मी रडले नाही एवढी इथे ताटावर बसून आतल्या आत रडते. भाऊ माझ्याकडे बघत नाही, पैसे घेतल्यापासून तर नाहीच. माझे पैसे मिळाले तर मी वेगळी खोली घेईन. एक वेळ जेवेन पण माझ्या हाताने वाढून घेईन. तुम्हाला बहीण असेल तर एवढं करा."

पंख्याचा आवाज येत होता. मागच्या बाकावर कोणीतरी खाकरलं. ठोक्या ताठ बसला होता, दोन्ही हात गुडघ्यांवर, फोटोला बसल्यासारखा.

"तारीख?" बाईंनी विचारलं.

वकिलाने तारीख सांगितली, हळू.

"मोठ्याने सांगा."

त्याने मोठ्याने सांगितली.

"म्हणजे तुम्ही म्हणता रोख दिलं, त्यानंतर सहा महिन्यांनी हे पत्र तुमच्या अशिलाच्या हातात पडलं. त्यांनी ते जपून ठेवलं. उत्तर दिलं? 'बाई, तुमचे पैसे कधीच दिलेत' असं कळवलं? चेक परत मागितले?"

शेटचा वकील शेटकडे वळला. शेट आपल्या चपलांकडे बघत होता.

बाईंनी बारकीला पुढे बोलावलं. ती कठड्यापाशी जाऊन उभी राहिली.

"हे पत्र तुम्ही लिहिलं?"

"हो."

"आणि वहीत पावलं?"

"मीच. चेक पावला म्हणून लिहिलं. तसंच लिहितात."

"मग लिहिता येत नाही असं शपथेवर का सांगितलं? अंगठा का दिला?"

बारकीने आपल्या वकिलाकडे पाहिलं. तो कागद चाळत होता. "लिहिता येतं म्हटलं तर पैसे बुडतील असं वाटलं."

"कोणी सांगितलं?"

"मलाच वाटलं."

बाईंनी पत्राची घडी करून ते वहीवर ठेवलं. मग त्यांनी हुकूम सांगितला. शेटने तिन्ही चेकांची पूर्ण रक्कम तीस दिवसांत कोर्टात भरावी, तरच त्याला भांडता येईल. न भरल्यास दावा मंजूर. खोट्या प्रतिज्ञापत्राबद्दल वादीने पाच हजार दंड भरावा. आणि पुढची केस पुकारली गेली.

बाहेर व्हरांड्यात वकील ठोक्याच्या पाठीवर थाप मारत होता. "जिंकलात हो! पूर्ण रक्कम भरून कोण भांडतं? आठ दिवसांत शेट तडजोडीला येतो की नाही बघा. त्या पत्राने त्यांचाच गळा धरला." मग बारकीकडे वळून म्हणाला, "आधी सांगितलं असतंत तर आपणच नसतं का दाखल केलं?"

बारकीने मान हलवली. काय सांगायचं होतं त्याला?

बसमध्ये दोघांना शेजारी जागा मिळाली. खिडकीतून गरम वारा आणि धूळ येत होती. अर्धा रस्ता सरला. मग ठोक्या म्हणाला, "खोली कुठे बघितलीस?"

"तिठ्याजवळ."

"त्या खोल्यांना ओल येते."

"माहीत आहे."

पुढच्या थांब्याला बरीच माणसं चढली. ठोक्याने उठून एका म्हातारीला जागा दिली आणि उरलेला रस्ता दांडीला धरून उभा राहिला, बहिणीकडे पाठ करून. त्याला रडू येत होतं. दुसरं काही नव्हतं ते.

घरी पोचले तेव्हा दिवेलागण झाली होती. बायको दारातच उभी होती. "काय झालं?"

"मिळणार," ठोक्या म्हणाला. "महिन्याभरात."

"सगळे?"

"सगळे."

ती दाराच्या चौकटीलाच टेकली आणि हसली. किती महिन्यांनी हसली ते तिलाही आठवलं नसतं. "बसा, बसा, दोघंही बसा. सकाळपासून उपाशी असाल." तिने पानं मांडली. भात गरम होता. वाढता वाढता ती बोलत होती, "पाऊस लागायच्या आत शेडचे पत्रे बदलून घेऊ. मशीनचा पट्टा गेलाय तो घेऊ. आणि माझ्या बकऱ्या, त्या नाही तर तशा दुसऱ्या. आणि बारकीताई, तुमच्या अंगठ्याला आधी औषध आणा."

ठोक्या जेवत नव्हता. तो तिच्या हाताकडे बघत होता. या हातचं त्याने वीस वर्षं खाल्लं होतं, पण हात असा कधी पाहिला नव्हता. तिने त्याला दुसऱ्यांदा वाढलं. मग डाव भरून बारकीच्या ताटावर नेला, आणि हात थांबला. पापणी लवायला लागेल एवढाच वेळ. मग भात ताटात पडला. ठोक्याने मान उंच करून पातेल्यात पाहिलं. तळाला एका माणसापुरता भात उरला होता, आणि ती स्वतः अजून जेवायची होती.

"त्यातले दोन लाख बारकीचे," तो म्हणाला. "ती वेगळी राहणार आहे."

"वेगळी?" बायकोने डाव खाली ठेवला. "का? आपल्यात काय झालं असं? कोण म्हणतं?"

"कोर्टात वाचून दाखवलं."

"काय वाचून दाखवलं?"

ठोक्याने घास उचलला, तो हातातच राहिला. बायकोने त्याच्याकडे पाहिलं, मग नणंदेकडे. तिचा चेहरा हळूहळू उतरत गेला. तिने विचारलं तेव्हा आवाज अगदी बारीक होता.

"बारकीताई, माझ्याबद्दल होतं का काही?"

"नाही वहिनी," बारकी म्हणाली. "तुमच्याबद्दल काही नव्हतं."

बायकोने डाव पुन्हा हातात घेतला. मग तिने पातेलं उचललं, तिरपं केलं आणि डावाने खरवडून सगळा भात बारकीच्या ताटात घातला, शेवटच्या शितापर्यंत, कुठे न थांबता.

"मग घ्या," ती म्हणाली. "पोटभर जेवा."

पातेलं रिकामं झालं होतं. बारकीला तो सगळा भात संपवावा लागला.